पाठीमागे काय होतं? मुंबई–पुणे एकदिवसीय सहलीची समीक्षा

आज पुस्तकावर बोलायचं नाही, नाटकावर नाही, सिनेमावरही नाही. आज एका बसवर बोलायचं आहे. (हशा) हसा, हरकत नाही. मुंबईहून पहाटे निघायचं, पुण्यातली सांस्कृतिक स्थळं गाइडबरोबर बघायची आणि रात्री घरी यायचं, अशी जी एका दिवसाची सहल असते, तिची समीक्षा आम्ही करणार आहोत.

समीक्षा कशाला, असं कुणी विचारेल. साधी गोष्ट आहे. पुण्याचा इतिहास बहुतेक लोकांपर्यंत पोचतो कुठून? चौथीचं पुस्तक, दोन-चार सिनेमे, आणि गाइडचं तोंड. पुस्तकाची समीक्षा होते, सिनेमाची तर फारच होते. गाइड मात्र रोज चाळीस लोकांसमोर बोलतो आणि त्याच्या बोलण्यावर कुणी एक ओळ लिहीत नाही. खरं म्हणजे त्याची संहिता ठरलेली असते. तिला सुरुवात असते, रंगलेला मध्य असतो, हमखास हशाच्या जागा असतात, आणि गाळलेली पानंही असतात. आम्हाला त्या गाळलेल्या पानांवर बोलायचं आहे. ती पानं आपण बसलो आहोत तिथून चालत दहा मिनिटांवर, बुधवार पेठेत आहेत, म्हणून तर हा विषय इथे घेतला.

आमच्या अभ्यासगटातले आम्ही चौघे जानेवारी २०२४ च्या पहिल्या शनिवारी दादरला पहाटे सहाला बसमध्ये बसलो. पुणेकरांनी मुंबईला जाऊन पुणे बघायला परत यायचं, हा प्रकार घरच्यांना काही झेपला नाही. (हशा) पण परक्याच्या खिडकीतून आपलं गाव बघायचं तर दुसरा इलाज नव्हता. कंपनीचं नाव सांगत नाही. तिचं काही विशेष वाईट नव्हतं, अशा अनेक आहेत. बसमध्ये आमच्यासकट एक्केचाळीस माणसं. गाइड पंचविशीतला तरुण, आवाज स्वच्छ, पाठांतर पक्कं. सगळे त्याला 'दादा' म्हणत होते, आम्हीही म्हणतो.

कार्यक्रम असा होता. आधी आगाखान पॅलेस, मग शनिवारवाडा, लाल महाल बाहेरून, दगडूशेठ गणपती, जेवण, केळकर संग्रहालय, आणि शेवटी तुळशीबागेत तासभर 'फ्री टाइम'. आगाखान पॅलेसमध्ये दादा चांगला बोलला, हे आधीच सांगून टाकतो. १९४२ ची स्थानबद्धता, पहिल्याच आठवड्यात गेलेले महादेवभाई देसाई, २२ फेब्रुवारी १९४४ ला गेलेल्या कस्तुरबा. दोघांच्या समाध्यांपाशी त्याने आवाज खाली आणला, विनोद एकही केला नाही. म्हणजे त्याला ते येत होतं. पुढे जे बोलू ते याची नोंद ठेवून.

आता शनिवारवाडा. तिथे पंचेचाळीस मिनिटं दिली होती आणि दादा पूर्ण फॉर्मात होता. १७३० चा पाया, १७३२ ची वास्तुशांत, दिल्ली दरवाज्याचे खिळे, हजारी कारंजं. मग तो सगळ्यांना एका मोकळ्या चौथऱ्यापाशी घेऊन गेला आणि सुरू झालं, 'काका, मला वाचवा'. ३० ऑगस्ट १७७३, नारायणरावांचा खून. लहान मुलं आईला बिलगली. मग अमावास्येच्या रात्री ऐकू येणारा आवाज आला, आणि शेवटी आनंदीबाई आली. 'धरावे'चं 'मारावे' केलं, एका बाईने एका अक्षराने पेशवाई बुडवली, असं म्हणून दादाने टाळी घेतली.

इथे आमचा पहिला आक्षेप. 'ध'चा 'मा' ही आख्यायिका आहे, आणि सांगायला काहीच हरकत नाही, फार चांगली आख्यायिका आहे ती. पण याच गोष्टीत रामशास्त्री प्रभुणे आहेत, आणि त्यांनी दोषी धरलं ते रघुनाथरावांना. देहान्त प्रायश्चित्त सांगितलं ते नवऱ्याला, बायकोला नाही. दादाच्या गोष्टीत रामशास्त्री आलेच नाहीत. वेळ नव्हता म्हणावं तर भुतासाठी पाच मिनिटं होती. न्यायाधीश गाळला आणि भूत ठेवलं, की आरोपी आपोआप बदलतो. संहितेत एक पात्र कापलं तर अख्खं नाटक कसं फिरतं, याचं इतकं सोपं उदाहरण आम्हाला नाट्यसमीक्षेत सापडलं नव्हतं.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. शनिवारवाड्यात आपण बघतो काय? तट, दरवाजे, बुरूज हे आहेत, पण आतला वाडा १८२८ च्या आगीत गेला. आत उरले ते चौथरे, जोती, हिरवळ. म्हणजे तिकीट काढून आपण 'जे नाही' तेच बघायला जातो! 'इथे दरबार होता', 'इथे सात मजले होते', 'इथून पर्वती दिसायची', सगळं 'होतं, होतं, होतं'. आणि लोकांना ते दिसतं. कारण सांगणारा उभा असतो. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तिथून आम्ही पायी निघालो, बस पेठेत शिरू शकत नाही. शिवाजी रस्त्याने बुधवार पेठेत आलो. जाता जाता बुधवार चौक लागला. इथेही एक वाडा होता, बुधवार वाडा, दुसऱ्या बाजीरावाचा. तो १८७९ च्या आगीत गेला. एका आगीला तिकीट आहे आणि दुसऱ्या आगीला सिग्नल. दादा तिथे एवढंच म्हणाला, 'सगळे एकत्र क्रॉस करा.'

मग दगडूशेठ. शनिवार असला तरी गर्दी मोठी होती. रांगेत वेळ जाईल म्हणून दादाने सांगितलं, 'रस्त्यावरूनच मुखदर्शन घ्या, फोटो काढा, पंधरा मिनिटं.' ती सोय आहेच तिथे, समोरून मूर्ती स्वच्छ दिसते. आमचा एक्केचाळीस जणांचा घोळका रस्त्यापलीकडे उभा राहिला, हात जोडले, मोबाइल वर गेले.

आणि ज्या जागेकडे पाठ करून आम्ही एक्केचाळीस जण उभे होतो, तो होता भिडे वाडा.

पुणेकरांना सांगायला नको, पण ही व्याख्यानं बाहेरचीही माणसं वाचतात म्हणून सांगतो. १८४८ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली ती तात्याराव भिडे यांच्या या वाड्यात. जोतीराव तेव्हा एकवीस वर्षांचे, सावित्रीबाई सतरा. दगडूशेठच्या बरोब्बर समोर. पुढे तिथे दुकानं आली, मजले खचले, भाडेकरू आणि महापालिका यांचा वाद कोर्टात बरीच वर्षं चालला. नोव्हेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात तो संपला, आणि डिसेंबरच्या सुरुवातीला एका रात्रीत पालिकेने वाडा उतरवला. राष्ट्रीय स्मारक करायचं म्हणून. दुकानदारांची बाजू अगदीच फालतू होती असं आम्ही म्हणणार नाही, पिढ्यान्‌पिढ्यांचं पोट होतं त्यांचं तिथे. पण तो आजचा विषय नाही.

आम्ही गेलो तेव्हा वाडा पडून जेमतेम महिना झाला होता. पत्र्याचं कुंपण होतं. तीनच दिवसांपूर्वी, ३ जानेवारीला, सावित्रीबाईंची जयंती झालेली. पत्र्याला एक वाळलेला हार अडकवलेला होता.

आम्ही दादाला गाठलं. 'दादा, मागे भिडे वाडा होता ना, त्याबद्दल नाही सांगत?' तो म्हणाला, 'होता ना सर, पण आता तिथे बघायला काहीच नाही.'

उर्मटपणे नाही म्हणाला, समजावणीच्या सुरात म्हणाला. पण मंडळी, ज्या माणसाने तासाभरापूर्वी रिकाम्या जोत्यावर सात मजली वाडा उभा केला, त्याच्या तोंडी हे वाक्य शोभतं का? 'बघायला काहीच नाही' हे कारण खरं असतं तर शनिवारवाड्याची बस पाच मिनिटांत परत फिरायला हवी. तेव्हा 'तिथे काही नाही' याचा खरा अर्थ 'तिथलं मला कुणी सांगायला शिकवलं नाही' असा आहे. वाडा उभा होता तेव्हा तरी सहलींत कुठे होता? तेव्हा तो पडका होता म्हणून नव्हता, आता पडला म्हणून नाही.

थोडं मागे जातो, कारण याचं मूळ 'दर्शन' या शब्दातच आहे असं आम्हाला वाटतं. मुंबई दर्शन, पुणे दर्शन. पीएमपीएमएलची सरकारी बस निघते तिचंही नाव 'पुणे दर्शन'च. दर्शन म्हणजे तोंड एका दिशेला. देवापुढे उभं राहिल्यावर पाठ फिरवायची नसते, गाभाऱ्यातून निघतानाही आपण चार पावलं मागे मागे येतो. तो भाव देवळात ठीकच. पण तोच भाव शहराला लावला की शहराला पुढची बाजू आणि पाठीमागची बाजू तयार होते. पुढचं पवित्र, मागचं अदृश्य.

आणि आपल्याकडे गाइडची जुनी जातकुळी पाहा. नाशिक-त्र्यंबकेश्वरचे तीर्थोपाध्ये, काशीचे पंडे, हे मूळचे गाइडच. उतरायची सोय तेच करणार, कुठलं कुंड, कुठला घाट, त्याचं माहात्म्य तेच सांगणार. पण पहिला प्रश्न विचारणार, 'आपण कुठले? आडनाव काय? मूळ गाव कुठलं?' आणि चोपडीत लिहून घेणार. तुमचे आजोबा येऊन गेल्याची नोंद काढून दाखवणार. तिथे गाइड तुम्हाला वाचत होता. त्या चोपड्यांत सगळ्या जातींना सारखी जागा होती असं मुळीच नाही, जोतीरावांना त्यावर बरंच बोलता आलं असतं. पण प्रवासी कोण आहे ते विचारायची रीत होती. उलट आजच्या सहलीचा पूर्वज बघा, थॉमस कुक. १८४१ साली त्याने लेस्टरहून लफबरोला पाचेकशे माणसं आगगाडीने नेली आणि संध्याकाळी परत आणली. कशासाठी? दारूबंदीच्या सभेला! (हशा) जगातली गाजलेली पहिली एकदिवसीय सहल दारू सोडवायला निघाली होती, हे आमच्या बसमधल्या मागच्या सीटवाल्यांना सांगायला हवं होतं. तर कुकने जे दिलं ते म्हणजे वेळापत्रक आणि डोकी मोजणं. आमच्या दादाने दिवसभरात अकरा वेळा डोकी मोजली. तुम्ही कुठले, काय करता, हे एकदाही विचारलं नाही.

विचारलं असतं तर त्याला कळलं असतं की तिसऱ्या रांगेत डोंबिवलीच्या एक काकू बसल्या आहेत, पालिकेच्या शाळेतून निवृत्त झालेल्या शिक्षिका. आमचं आणि दादाचं बोलणं त्यांनी ऐकलं. त्या गणपतीकडे बघत होत्या, त्या वळल्या, पत्र्याकडे तोंड केलं आणि हात जोडले. आता एक्केचाळीसांच्या घोळक्यात एक माणूस उलट्या दिशेला नमस्कार करतंय म्हटल्यावर दोघीतिघी वळल्याच. एकीने विचारलं, 'इकडे कुठला देव आहे हो?' काकू म्हणाल्या, 'शाळा होती.' मग जरा ओशाळून आम्हाला म्हणाल्या, 'चप्पल काढावी की नाही तेच कळेना.'

आता जरा अवघड भाग. दगडूशेठच्या आसपासच्या काही गल्ल्यांत कोण राहतं हे महाराष्ट्रात सगळ्यांना ठाऊक आहे. बुधवार पेठ म्हटलं की मुंबईचा माणूस आधी हसतो. बसमध्येही हसले. दादाने पेठेत शिरण्यापूर्वीच सांगितलं होतं, 'त्या बाजूच्या गल्ल्यांत जाऊ नका, मोबाइल काढू नका, समजून घ्या काय ते.' 'समजून घ्या'वर त्याने थोडा थांबा घेतला. तो थांबा पाठ केलेला होता. मागच्या सीटवर खसखस पिकली. दोन बापांनी मुलींचे हात घट्ट धरले.

आमच्या गटात यावर वाद झाला, तो लपवत नाही. एकाचं म्हणणं, सहलीत हे यायलाच हवं, शहराचं तेही सत्य आहे. बाकी तिघांना ते अजिबात पटलं नाही. माणसं ही स्थळं नव्हेत. धारावीत गाइड घेऊन फेऱ्या निघतात, तिथे फोटो न काढण्याचा नियम पाळणारे लोक आहेत, तरीही तिथला प्रश्न सुटलेला नाही की बघणारा कोण आणि बघितला जाणारा कोण. ज्या बाईला दिवसभर गिऱ्हाइकाची नजर सोसायची आहे तिला आणखी चाळीस नजरा कशाला? तेव्हा त्या गल्लीत बस नेऊ नये, घोळका नेऊ नये, यावर आमचं शेवटी एकमत झालं. पण न दाखवणं वेगळं आणि हसं करणं वेगळं. 'मोबाइल काढू नका' हे वाक्य बरोबर होतं. त्यापुढे एवढंच हवं होतं, 'इथे माणसं राहतात, काम करतात, त्यांची मुलं शाळेत जातात.' सहेली संघासारखी त्या बायकांची स्वतःची संघटना या पेठेत आहे, हक्कांचं काम करते. दहा सेकंदांची दोन वाक्यं. त्यासाठी बस कुठेही थांबवावी लागत नाही.

आणि एक लक्षात घ्या. शनिवारवाड्यात एका बाईवर सगळा दोष, शिवाजी रस्त्यावर एका बाईकडे पाठ, आणि गल्लीच्या तोंडाशी बायकांवर हशा. हे तिन्ही दीड तासात. दादाने ठरवून केलं असं आम्ही म्हणत नाही, त्याच्या पाठांतरात ते आधीपासून भरलेलं होतं. घरी बायको-मुलीला घेऊन आलेली माणसं हे सगळं ऐकून पुढे थाळी जेवायला गेली. आम्हीही गेलो. जेवण उत्तम होतं.

गंमत म्हणजे, बायकांच्या अंगाने सांगायचं म्हटलं तर या पेठेइतकी सोपी जागा नाही. ग्रामदेवता तांबडी जोगेश्वरी इथेच. दगडूशेठांच्या नावाने गणपती, पण जवळचं दत्तमंदिर उभारलं ते त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी. नारो आप्पाजी खिऱ्यांच्या तुळशीबागेत राम आहे हे कित्येकींना माहीतही नसेल, पण ती बाग खऱ्या अर्थाने चालवली ती बायकांनीच, पितळी भातुकलीपासून कानातल्यांपर्यंत. मुंबईच्या सहलीत तिला 'फ्री टाइम' म्हणतात, म्हणजे जिथे गाइडने तोंड मिटायचं ती जागा. आणि जून महिन्यात अप्पा बळवंत चौकात उभं राहा. भिडे वाड्यापासून पाच मिनिटांवर, वह्या-पुस्तकांच्या रांगेत आयांबरोबर शेकडो मुली. १८४८ मध्ये सहा-आठ मुली जमवायची मारामार होती त्याच पेठेत. शाळेचा वाडा पडला असेल, पण तिथे बघायला काही नाही हे कसं म्हणता येईल?

त्याच १८४८ साली पुण्यात सार्वजनिक ग्रंथालय सुरू झालं, आजचं पुणे नगर वाचन मंदिर, तेही बुधवारातच. एकाच वर्षी, चालत पाच मिनिटांच्या अंतरात, वाचनालय आणि मुलींची शाळा! कुठल्याही गाइडला ही आयती गोष्ट आहे, भूतसुद्धा लागत नाही.

दुपारचं केळकर संग्रहालय शुक्रवार पेठेत येतं, म्हणून त्यावर थोडक्यात. दिनकर केळकरांनी गेलेल्या मुलाच्या, राजाच्या, नावाने हे उभं केलं. दिवे, अडकित्ते, फण्या, वज्र्या, स्वयंपाकघरातली भांडी, वीस हजारांवर वस्तू. चाळीस मिनिटांत दादा आम्हाला सरळ मस्तानी महालाकडे घेऊन गेला. वज्रीपाशी थांबायला वेळ नव्हता. पाय घासायची वज्री, हत्तीच्या आकाराची, मोराच्या आकाराची, कुणाच्या तरी टाचेने झिजलेली. राजवाड्यांची सहल अशा वस्तूपाशी थांबूच शकत नाही. काकू मात्र थांबल्या, आणि पुढच्या डोकेमोजणीत एक कमी भरली. (हशा)

गाइडवर सगळं ढकलून आम्हाला मोकळं व्हायचं नाही. त्याला रोजावर पैसे मिळतात. कुठे किती मिनिटं थांबायचं हा कागद कंपनी देते. रात्री उशीर झाला तर बोलणी तोच खातो. हशा आला की बक्षिसी वाढते हे तो अनुभवाने शिकलेला आहे. म्हणजे त्या संहितेचे लेखक आपणच प्रवासी आहोत, निम्मे तरी. भुताला टाळी आम्ही दिली. 'समजून घ्या'वर हसलो आम्हीच, आमच्या चौघांतला एक हसला, तो आज इथे बसलाय. (हशा)

परतीच्या वाटेवर लोणावळ्याच्या पुढे बसमधले दिवे मालवले होते. बहुतेक मंडळी झोपलेली. दादा पुढून चालत आला, आम्हाला वाटलं पुन्हा मोजतोय. तो काकूंच्या सीटपाशी वाकला आणि हळूच म्हणाला, 'काकू, त्या शाळेचं साल किती म्हणालात?'

काकू म्हणाल्या, 'अठराशे अठ्ठेचाळीस. आणि तू कुठला रे?'

'वाईचा,' म्हणाला, आणि मोबाइलमध्ये साल लिहून घेतलं.

आम्ही इथे थांबतो. प्रश्न असतील तर घेऊ.